शेवटची पानं

मार खाऊन पुस्तक कळलेला माणूस पाहायचाय? हा बघा, समोर बसलाय.

नववीत होतो, नंदनवनच्या शाळेत. वर्गातला विक्या रोज माझ्या सायकलची हवा सोडायचा. काहून, ते त्यालाच माहीत. एकदा त्यानं माझ्या दप्तरातली जाडजूड जुनी कादंबरी हिसकावली. लायब्ररीच्या मॅडमनी ती माझ्या गळ्यात मारली होती, मी उघडलीही नव्हती. म्हटलं, बरंच झालं.

तर त्यानंतर आठवडाभर हवा जशीच्या तशी! मला काही सुधरेना. मग एक दिवस सायकल स्टँडवर त्यानं माझी कॉलर धरली. डोळे लाल.

"काहून बे, शेवटची पानं तूनं फाडली?"

"नाही गा! पहिलेच फाटली असन."

"मंग सांग, शेवटी काय होते?"

मी ठोकून दिलं, "लगन होते दोघांचं."

"पोरगी त मधातच मेली ना बे!"

"मंग... तो दुसरी करते."

खाडकन कानाखाली बसली. "तो तसा माणूस नाही हाय!"

त्यानं माझ्या दोन्ही चाकांची हवा सोडली. आणि मग, तो माणूस तसा का नाही हे मला समजावत, माझी सायकल ढकलत घरापर्यंत आला.

आईनं दारातच विचारलं, "हा कोण गा? मित्र हाय का तुया?"

मी विक्याकडे पाहिलं.

विक्याच डोळे पुसत म्हणाला, "काकू, याले पुस्तकं नका देत जाऊ. याले माणसंच समजत नाही."