इटलीवाल्याला हवा होता मरणाचा ढोल

आमच्या अणशीत एकदा इटलीवाला आलेला, सिनेमा-टीव्हीला संगीत देणारा. मी गोव्यात हॉटेलात राबलेला, म्हणून बोलणं माझ्यामार्फत.

म्हणाला, “हिरो मरतो, तिथं घालायला काहीतरी वाजवा.”

ढोलवाल्या दादूनं अंगणातच मरणाचा ढोल वाजवला. गावाला वाटलं, दादूचा आजारी बा गेला! चितेसाठी घरटी एकेक लाकूड खांद्यावर घेऊन माणसं धावली, बायका हंबरडा फोडतच आल्या. बघतात तर म्हातारा ओट्यावर चहा पितोय!

इटलीवाला मात्र खूश. “इतकी वर्षं संगीत देतोय, पण असं रडणं कधी मिळालं न्हाई. परत एकदा रडायला सांग.”

कुठल्या तोंडानं सांगू? तरी सांगितलं.

म्हातारा म्हणाला, “त्याला म्हणावं, आता मी मेल्यावरच.”