अजरामर शांतता

काही शांतता अजरामर असतात. दातांच्या दवाखान्यात सुजलेला गाल धरून बसलेल्या शाळेच्या बाईंना हे सत्य शेजारच्या बाकावरून समजलं. तिथे एक तरुण गिटारवाला जुन्या बँडच्या म्हाताऱ्या ड्रमरला आणि त्याच्या थोरल्या बहिणीला समजावत होता.

"काका, तुमच्या बँडच्या सगळ्या टेपा नव्या अल्बमसाठी साफ केल्या. फक्त तिसऱ्या गाण्यात तुम्ही मधेच गप्प होता ना, त्या जागेला हात लावला नाही."

"अरे, तीच आधी भरून काढ! चूक आहे ती."

"चूक? लोक तिथे डोळे मिटतात, काका! एकाने त्या शांततेवर पीएचडी केलीय."

"आमच्या ताईने गिटारचा प्लग काढून इस्त्री लावली होती. गिटार बंद पडली, म्हणून मीही थांबलो."

"आत्या, खरंच?"

"मग काय करणार? खोलीत सॉकेट एकच. केवढा ओरडला माझ्यावर! अजून ऐकवतो."

"पण तीच तर बँडची सगळ्यात गाजलेली जागा आहे!"

"ऐकलंस का रे? आता कव्हरवर माझं नाव घाला."

"घालतो, आत्या!"

"अरे वा! गाणं आमचं आणि नाव हिचं?"

"इस्त्रीचा शर्ट तुझाच होता. बँडचा फोटो काढायचा होता ना तुम्हाला."

बाईंना हसू आवरेना, आणि हसलं की दाढ ठणके.

"पण आत्या, त्या फोटोत काकांचा शर्ट तर चुरगळलेला आहे. आम्ही सगळे मुद्दाम तसेच घालतो."

"इस्त्री बिघडलेली होती."