मायनं खाल्लेली गोळी

धुळ्याला मनोविकारांच्या डॉक्टरकडे नंबर लावून बसलेल्या रूपाच्या खांद्यावर गोळ्या चालू असलेला तिचा नवरा पुन्हा पेंगला. त्याला टोचून जागं करायला तिनं कोपर उचललं, तोच मागच्या बाकावरचे मायलेक बोलू लागले.

“माय, माझी गोळी तू का खाल्ली?”

“तोंडावर पाणी मारूनही तू उठत का नाहीस, ते पाहायला.”

“दुसऱ्याची गोळी खाऊ नये. डॉक्टर रागावतील.”

“रागावू दे.”

“मग काय झालं?”

“खाट तापी नदीत वाहत सुटली जशी, बाबा. तू काठावरून हाका मारत होतास. ऐकू येत होतं, पण अंग उठत नव्हतं.”

“कानातले आवाज थांबलेत माझे. मी गोळी सोडणार नाही.”

“सोडू नको. डोस भारी शे, एवढं सांगते त्यांना.”

रूपानं कोपर खाली घेतलं आणि खांदा जरा पुढे केला.