जावयाकडून कागद कोण लिहून घेतो?

…आणि वर मलाच म्हणतो, "काका, हे दिवाणी आहे, कोर्टात जा." आता तुम्हाला सांगतो, घर माझं, वीजबिल माझ्या नावावर, दारावर पितळी पाटी माझी, आणि आत बसलंय कोण, तर सुदेशराव, धाकट्या बहिणीचा नवरा, माझ्याच खुर्चीत, माझाच पंखा पाचवर करून… आणि पोलीस म्हणतात दिवाणी!

झालं काय, तीन वर्षांपूर्वी आमचा डोंबिवलीचा फ्लॅट रिकामा होता, आम्ही राहायला वर्तकनगरला. बहीण आली, मंदाकिनी, डोळ्याला रुमाल, "दादा, भाड्याचं घर सुटलं रे, आठच दिवस." बहिणीला नाही कोण म्हणणार? किल्ली दिली. बरं, किल्ली देऊन थांबावं की नाही? तर नाही! गॅसवाल्याला पत्ता लागतो म्हणून मीच, माझ्या हाताने, चांगल्या अक्षरात लिहून दिलं की हे इथे राहतात, माझी हरकत नाही. आमची ही म्हणालेली, "त्यांच्याकडूनपण लिहून घ्या, कधी जाणार ते." मी तिच्यावरच खेकसलो, घरच्या जावयाकडून कागद कोण लिहून घेतो?

आता आमची वर्तकनगरची बिल्डिंग पाडायला काढली, येत्या पंधरा जूनला खाली करायची. मग आम्ही जायचं कुठे, आमच्याच घरी ना? नोटीस आली तेव्हाच, गणपती उठल्यावर, फोन केला तर सुदेशराव म्हणे, "पितृपक्षात घर हलवत नाहीत." बरं. मग दिवाळी आली. मग त्यांच्या शिवानीची बारावी आली. मग फोनच उचलेनात.

गेलो डोंबिवलीच्या चौकीत. साईनाथ म्हणून हवालदार, माणूस चांगला, पाणी दिलंन, खुर्ची दिलीन.

"कडी तोडून घुसले का, काका?"

"नाही हो."

"किल्ली कोणी दिली?"

"…मी."

"मारहाण, शिवीगाळ काही?"

"छे, गेलो की चहा देतात."

त्याने पेनच खाली ठेवलं. "काका, हे दिवाणी आहे. आम्ही कोणाला घराबाहेर काढू शकत नाही. कोर्टाचा हुकूम आणा, बंदोबस्त देतो." अहो, पण घर माझं आहे! तर म्हणतो, "असेल, ते कोर्ट ठरवेल." वकील म्हणतो, पाच वर्षं तरी धरा. तोवर मी आणि ही काय कोलशेतच्या खाडीवर तंबू ठोकून बसू?

मग माझं सटकलं. एका रविवारी ही मंडळी लग्नाला गेलेली, मी सरळ गेलो आणि बाहेरून माझं कुलूप ठोकलं, नवंकोरं, आणि तिथेच जिन्यात बसून राहिलो. मंडळी परत आली, सुदेशरावांनी फोन फिरवला, आणि तुम्हाला सांगतो, वीस मिनिटांत पोलीस! कोण? तोच साईनाथ. मी म्हटलं, "या, या, हे दिवाणी ना?" तर म्हणतो, "नाही काका. राहत्या माणसाला कुलूप लावून अडवलंत, हे आमच्याकडे येतं. उघडा, नाहीतर तुमच्यावरच गुन्हा." म्हणजे ते तीन वर्षं बसले तर दिवाणी, आणि मी तीन तास कुलूप लावलं तर मी गुन्हेगार? उघडलं. स्वतःच्या घराचं कुलूप हो, आणि पाठीशी पोलीस उभा.

मंदाकिनीला ते बघवलं नाही. "दादा, असं काय करतोस, तू आणि वहिनी या ना इथेच. हॉल मोकळाच आहे."

आता पंधरा जूनला दुसरीकडे जाणार कुठे? आलो. बॅगा दारात, आणि उंबऱ्यावर सुदेशराव, हातात कागद आणि पेन. "दादा, राग मानू नका, पण किती दिवस राहणार ते लेखी असलेलं बरं. पुढे वाद नकोत."

मी हिच्याकडे बघितलं. ही पाटीकडे बघत होती.

दिलं लिहून. माझ्या हाताने, चांगल्या अक्षरात… आठच दिवस.