सोमवारपासून न सापडणारी फाईल

— नाही हो बाइंडरसाहेब, यंत्रं तुमची ठणठणीत आहेत, दोन्ही कानांची, दुखणं आहे ते माझ्या कम्प्युटरला — हे बघा, आली परत तीच पाटी! सोमवारी आली, बुधवारी आली, आज शुक्रवारी पुन्हा हजर. काय म्हणतेय? म्हणतेय, प्रोग्रॅम सुरू करता येत नाही, कारण अमुक नावाची डीएलएल फाईल सापडत नाही. डीएलएल म्हणजे काय — विचारलं नाहीत तुम्ही, पण भुवया वर गेल्यात, सांगते. आता तुमच्याच धंद्यातलं घ्या. पुस्तक बांधता, पण डिंक काही तुम्ही स्वतः शिजवत नाही — शिजवता? घरी? बरं, मग उदाहरण फुकट गेलं. दुसरं घेते. प्रोग्रॅम सगळी कामं एकट्यानं करत नाही, काही कामं वेगळ्या फायलींत बांधून ठेवलेली असतात, लागली की हाक मारायची. त्यातल्या काही विंडोजच्या, सगळ्यांच्या मिळून — बाहेर आपला बाक आहे ना, कुणीही या, बसा. आणि काही एकाच प्रोग्रॅमच्या, त्याच्या स्वतःच्या फोल्डरमध्ये राहणाऱ्या. त्या म्हणजे कवळी. हसू नका, कवळीच! दिसायला सगळ्या सारख्या, बत्तीस दात याचेही आणि बत्तीस त्याचेही, पण याची त्याच्या तोंडात घालून बघा बरं. आमच्या या कान जुळवायच्या प्रोग्रॅमची ती कवळीच हरवलीय.

हरवली म्हणजे — मीच टाकली. गेल्या शनिवारी मला साफसफाईचा झटका आला. डिस्क भरली होती, लाल पट्टी दाखवत होती, म्हटलं काढू अडगळ. आपल्याकडे दोन कंपन्यांची श्रवणयंत्रं येतात, म्हणून प्रोग्रॅमही दोन, फोल्डरही दोन, आणि दोन्ही फोल्डरांत एकाच नावाची फाईल! म्हटलं, ही बघा, डबल. एकच काम, दोन दोन फायली कशाला पोसायच्या? उडवली एक. आमच्या ताईनंच लावलेली सवय, घरात दोन किसण्या दिसल्या की तिला झोप येत नाही. ते नाव तेवढं सारखं, आतला माल वेगळा, हे मला कळायला सोमवार उजाडला. मग काय, धावाधाव! दुसऱ्या कंपनीची फाईल आणून इथं ठेवली — तर नवीनच पाटी, की फाईल मिळाली, पण मला जे काम हवंय ते हिला येत नाही. मग बाईंच्या — आमच्या डॉक्टरबाईंच्या हो — नव्या कम्प्युटरवरून आणली. तो चौसष्ट बिटांचा, आपला हा प्रोग्रॅम जुना, बत्तीसचा. त्यानं तर धड वाक्यसुद्धा दाखवलं नाही, नुसता एक आकडा तोंडावर फेकला आणि बंद. मग गेले इंटरनेटवर. फाईलचं नाव टाकलं की चाळीस जण ओरडतात, घ्या, फुकट घ्या! मी घेणारच होते, तेवढ्यात बाई मागून कडाडल्या — रस्त्यात सापडलेली गोळी तोंडात टाकाल का तुम्ही? बरोबर आहे त्यांचं. असली फाईल अनोळखी माणसाकडून घ्यायचीच नसते, ज्यानं प्रोग्रॅम बनवला त्याच्याच डिस्कवरून घ्यायची. तर कंपनीला सांगितलंय, डिस्क येतेय, पण येणार सोमवारी. आणि तुम्ही तर उद्याच सकाळी चाललात मुलाकडे. कायमचे. मग तिथल्या दवाखान्यासाठी तुमच्या सेटिंगची नक्कल कशी द्यायची मी, सांगा! — बरं, थांबा, निदान यंत्रांना कम्प्युटरच्या वायरी लावून बघते. मान जरा इकडे. हां. आता दुसरा कान. झालं.

झालं. आता कसं बरं वाटलं. आता बोलायला मोकळीक. तुम्ही बसा असेच, छान बसता तुम्ही. सहा वर्षं मी हेच करत आलेय बाइंडरसाहेब, तुम्हाला कधी पत्ता लागला नाही. वायर लागली की हा प्रोग्रॅम पहिल्यांदा यंत्रांचा आवाज बंद करतो — नाहीतर सेटिंग हलवताना तुमच्या कानात शिट्ट्या वाजतील — आणि एकदा तुम्ही मुक्या जगात गेलात, की मी माझं तोंड सोडते. तोंड स्क्रीनकडे, म्हणजे ओठ वाचायचीही सोय नाही! बाकीच्या पेशंटांशी नाही हं बोलत. शपथ. तुमच्याशीच. वाटाण्याच्या शेंगेसारखं सोलते मी तुम्हाला माझ्या बोलण्यानं, आणि तुम्हाला कळतच नाही! अहो, काहीही सांगितलंय मी तुम्हाला. ताईशी झालेलं भांडण, माझी गुडघेदुखी, केस रंगवते ते. आणि एकदा तर बाईंची नक्कल करून दाखवली होती, खुर्चीसकट.

तर आता खरं सांगू? ऐका — म्हणजे ऐकू नका. कंपनीला मी फोन केलेलाच नाही. डिस्क-बिस्क काही येत नाहीये. ते उचापतीचं सगळं खरं, दुसरी फाईल, चौसष्टचं लफडं, बाईंचा ओरडा, सगळं खरं, पण ते सोमवारी सकाळी, तुम्ही यायच्या आधी. तुम्ही येऊन या खुर्चीत बसलात साडेदहाला, आणि मला फाईल दिसली. कुठं? कचऱ्याच्या डब्यात! या इथं, स्क्रीनच्या कोपऱ्यात डबा आहे ना, त्यात. शनिवारपासून तिथंच पडून होती बापडी. उजवं बटण दाबायचं, 'परत जागेवर ठेवा' म्हणायचं, की ती मुकाट्यानं आपल्या फोल्डरमध्ये जाऊन बसते. चार सेकंदांचं काम. हात माउसवर गेला होता माझा! आणि नेमकं तेव्हा तुम्ही म्हणालात, मुलानं खोली रंगवून ठेवलीय, शनिवारचं तिकीट काढलंय, आता यायचं नाही इकडे, तेवढी सेटिंगची नक्कल द्या. माझा हात तिथंच. म्हटलं, आज दिली नक्कल की संपलं. मग तोंडातून काय निघालं? — फाईल सापडत नाहीये हो, परवा या! आणि तुम्ही परवा आलात. मग मी पुन्हा म्हटलं, परवा या. आणि आज परत आलात, इस्त्री करून, वेळेच्या दहा मिनिटं आधी. कुणी दुसरा असता तर बाईंकडे तक्रार केली असती. तुम्ही आपले येता, मान डोलावता, जाता.

ताई म्हणते, तुझ्या बाइंडरला सांगून टाक. 'तुझ्या' म्हणते ती! चहाचा कप हातात घेऊन, असं डोळे बारीक करून. मी म्हटलं, काय सांगू, एकावन्नाव्या वर्षी? लोक हसतील. ती म्हणते, लोकांना तुझं वय माहीतच नाही, तू केस रंगवतेस. तुमचं अठ्ठावन्न. फॉर्मवर आहे, मला पाठ आहे. फॉर्मवर हेही आहे की घरात कुणी नाही, नऊ वर्षं झाली त्याला. बाकी सगळं काही फॉर्मवर नाही. फॉर्मवर हे नाही, की पहिल्यांदा मी तुमची यंत्रं चालू केली तेव्हा तुम्ही काय केलंत. लोक रडतात हो, कुणी ओरडतात, कुणी लगेच बायकोला म्हणतात, हळू बोल. तुम्ही काय केलंत? माझ्या टेबलावरचा एक कोरा कागद उचललात, कानाजवळ नेलात आणि हळूच चुरगळलात. मग दुसरा. मग पुठ्ठा. सगळी जन्मभराची ओळखीची माणसं भेटावीत तसं हसत होतात. मी सेटिंग लिहायची विसरले. त्या दिवसापासून ही मी अशी.

आणि ही माझी वही! अहो, ही वही बघून तर मला सकाळपासून काही सुचतच नाहीये. सोमवारी पानं सुटून लोंबत होती हिची, बुधवारी तुम्ही खुणेनं मागून नेलीत, आणि आज — ही शिलाई, हा पाठीवरचा गोल, आणि कापड हिरवं! मला हिरवाच आवडतो, हे तुम्हाला सांगितलं कुणी? मी कुणाला बोलले नव्हते. म्हणजे बोलले होते, सोमवारी, पण ते तुम्हालाच, वायरी लावल्यावर, आणि तुम्ही थोडंच ऐकत होतात! आतल्या बाजूला फितीची खूणसुद्धा लावलीत. तीसुद्धा मी — असो. योगायोग. माणसाचं मन जुळलं की असं होतं म्हणे. बघा, काय बोलायला लागले मी! मन म्हणे! नशीब तुमचे कान बंद आहेत.

नाही, बोलूनच टाकते एकदा. उद्या या वेळी तुम्ही गाडीत असाल. बाइंडरसाहेब, मला तुम्ही आवडता. आवडता म्हणजे, प्रेमच आहे माझं तुमच्यावर, दुसरं काय म्हणायचं त्याला. हां. बोलले. छत जागेवर आहे, बाहेरचा पंखा फिरतोय, तुम्ही आपले समोरच्या कॅलेंडरकडे बघताय. कान मात्र लाल झालेत तुमचे, वायरी टोचत असतील. मला हसू आवरत नाहीये, काय करू! एवढं सोपं होतं हे? सहा वर्षं? मला उगाच वाटायचं, जीभ गळून पडेल.

बरं. पुरे आता. आता शहाण्यासारखं वागते. तिथं नातवंडं आहेत तुमची, पोरांचे आवाज बारीक, डाव्या कानाला ते नीट पोचत नाहीत, पुन्हा पुन्हा 'काय? काय?' करत बसाल आणि पोरं लांब जातील. नुसतं तुम्ही परत यावं म्हणून मी तुमचे कान असे अर्धवट ठेवू? तेवढी दुष्ट नाही मी. नक्कल घेऊन जा, सुखानं ऐका, मला काय, मी रडेन थोडी ताईजवळ. तर हा डबा. ही फाईल. उजवं बटण. परत जागेवर ठेवा. — गेली. आता प्रोग्रॅम. उघड रे बाबा. उघडला! बघा, कसा लगेच उघडला, एक पाटी नाही की काही नाही, आपलं माणूस घरी आलं की कसं — आता यंत्रं शोधतोय. डावं सापडलं. उजवं सापडलं. आणि आता तो आवाज बंद करेल आणि —

आता?

थांबा. 'दोन्ही यंत्रं चालू आहेत. आवाज बंद करू का?' असं विचारतोय हा. चालू कशी असतील? वायर लावली की बंद होतात ती. म्हणजे प्रोग्रॅम बंद करतो. प्रोग्रॅम. जो आत्ता उघडला. आत्ता, या मिनिटाला. त्याआधी तर हा — अगं आई गं. अहो. आज तर — आणि बुधवारी? बुधवारीही उघडला नव्हता. सोमवारी मी अर्धा तास — हिरवं कापड — अगं आई गं!

उठा तुम्ही. नको, बसा, वायरी आहेत. तिकडे बघा, कॅलेंडरकडे, बघत होतात ना मघापासून, तिकडेच बघा! केस मी रंगवत नाही. म्हणजे रंगवते. बाईंची नक्कल तेवढी ऐकली नाहीत ना, ती मागच्या वर्षीची, तेव्हा प्रोग्रॅम चालू होता. देवा रे, मी काय सफाई देत बसलेय! हे बघा, मी हे बटण दाबते, 'हो, बंद करा', मग तुम्हाला काही ऐकू येणार नाही, मग मी आपली मुकाट्यानं नक्कल काढून — अहो, हात काय करताय? माउस आहे तो माझा. सोडा. असं कसं, मला दाबू द्या की —

'नको' दाबलंत तुम्ही.

...

बाहेरच्यांना बाकावर बसायला सांगते मी. दार लावून घेते. आता एक शब्द बोलणार नाही. बोला तुम्ही.