घरातले सगळे आणा, म्हनल्या मॅडम

...नाई, आंधी मले हे सांगा, का शाळेत बैल घेऊन गेलो हे माहं चुकलं, का त्या मॅडमनं नीट सांगतलं नाई हे त्याईचं चुकलं? गावातले पोट्टे माह्या मांगून हंबरत जाऊन राह्यले! चार वर्साचं शेंबडं पोट्टं, त्याले हंबरताही येत नाई, ते नुसतं शिंगं करून दाखवते! अन् मी काई बोललो का? मी काईच बोललो नाई!

तुमाले सांगतो, पयल्यापासून सांगतो, बसा असे सावलीत. मी जानराव, इथलाच, वरवट बकालचा. शिक्षण दुसरी, ते बी अर्धी. घरात पाच माणसं. मी, माही बायको अन्नपूर्णा, म्हंजे आमची बुढी, पोरगा अनंता, सून, अन् नात गुड्डी, पाच वर्साची. अन् गोठ्यात बादशा. जोडीले दुसरा बैल बी हाये, पण तो कोनाचं ऐकत नाई, त्याच्याशी बोलून फायदा नाई. बादशा मात्र ऐकते. कान असे पुढे करून ऐकते. आमच्या घरात तेवढं एकच जनावर शहाणं, बाकीचे आमी हावोच.

तं झालं काय, ते कपाशीचं बीटी बियाणं निंघालं न! जिकडे तिकडे बीटी! मी जनमभर घरची सरकी पेरली, शेणकाल्यात घोळली का झालं. अन् अनंता मलकापूरच्या दुकानातून पाकिटं आणाले गेला, मी बी गेलो सोबत. पाकिटावर फोटू असा, का पराटीच्या एका झाडाले बोंडं किती? तं बाभळीवर चिमण्या बसतात तितके! अन् त्या मोठ्या पाकिटासोबत एक लहानसं पाकीट, साध्या सरकीचं. दुकानदार म्हने, हे धुऱ्याच्या, म्हंजे बांधाच्या कडेनं लावाचं, म्हंजे अळ्या तिकडे जाऊन खातील. आता सांगा, माणसानं काई इचाराचं का नाई? मी म्हनलं, "अनंता, मंग एक पाटी बी लाव न बे तिथं, अळ्याईच्या जेवणाची सोय इकडे हाये म्हनून!" सारं दुकान हासलं. अन् हा पोट्टा, पंधरा माणसाईत, बापाले काय म्हनते? "बाबा, तुमाले त्यातलं काई समजत नाई. चूप बसा."

चूप बसा! ठीक हाये. बसलो. सव्वा वर्स बसलो! कोनी म्हनू नये का जानरावानं पोराचं ऐकलं नाई. मी काई बोललो का? मी काईच बोललो नाई!

पण शेतीचं काम बिना बोलण्याचं होते का? डवरे कुठं चालवाचे, फवारा कवा माराचा, सांगा लागते न! तं मी गोठ्यात जाऊन म्हनाव, "बादशा, तुह्या मालकाले सांग बाप्पा, नाल्याकडच्या वावरात तण मातलं." तिकडून अनंता खराटा हातात घेऊन, "बादशा, म्हाताऱ्याले सांग, मले डोळे हायेत." मी म्हनाव, "बादशा, त्याले इचार, डोळे हायेत तं उघडत काऊन नाई?" तो म्हने, "बादशा, सांग त्यायले..." अन् बैल बिचारा इकडे पाहे, तिकडे पाहे, मान हालवे, मधातच एखांद्या येळी शेपटीनं दोघायच्याही तोंडावर फटका मारे. पण चालू होतं मस्त! आवाज नाई, भांडण नाई. आमचा शेजारी तुळशीराम तं म्हने, "जानराव, तुमचं घर लय शांत हो! आमच्याकडे नुसता बाजार!" मले बी वाटे, हाव, शांत हाये.

मंग अंगणवाडीच्या बाई आल्या एक दिवस. दारातच उभ्या. "आजोबा, तुमची गुड्डी कोनाशीच बोलत नाही हो." मी म्हनलं, असं कसं? दिवसभर चुरूचुरू बोलते. तं बाई म्हने, "बोलते, पण माणसाशी नाही. तहान लागली तर रांजणापाशी जाते अन् म्हनते, रांजणा, बाईले सांग, मले पाणी पायजे." घ्या! मारामारी झाली तं दाराच्या कडीले सांगे. खिचडी पायजे तं ताटलीले सांगे. अन् शाळेत नाव टाकाले नेलं, गुरुजीनं इचारलं, "बाळा, नाव काय तुझं?" तं पोरीनं दप्तर उचललं, छातीशी धरलं, अन् म्हनली, "दप्तरा, गुरुजीले सांग, गुड्डी म्हनून."

सारे हासले. सून नाई हासली. घरी आली, पदर खोचला, अन् चुलीपाशी उभी राहून साऱ्याईले ऐकू जाईन असं म्हनली, "पोळ्यापर्यंत बापलेक सरळ तोंडानं बोलले तं ठीक. नाई तं मी पोरीले घेऊन दुसरबीडले मायघरी जातो. तिथल्या शाळेत टाकतो. तिथं माणसं माणसाशी बोलतात." आता दुसरबीड म्हंजे जिल्ह्याचं दुसरं टोक! तीन यष्ट्या बदला लागतात! माही नात मले वर्सातून एकदा दिसणार, अन् ते बी यष्टीच्या खिडकीले सांगणार का आजोबाले रामराम सांग! रातभर... जाऊ द्या.

तं तवा गावोगाव संस्थाईच्या जिपा फिरून राह्यल्या होत्या. कर्जानं, नापिकीनं घरंच्या घरं मनानं खचून राह्यली होती, म्हनून एका संस्थेनं मलकापूरच्या एक मॅडम आमच्या गावाले देल्या, फिजा मॅडम. दर बुधवारी शाळेच्या मांगच्या खोलीत बसत. बाहेर पाटी, कुटुंब समुपदेशन केंद्र. मले वाटलं गोळ्या देत असतीन, नाई तं सुई. तं काईच नाई! नुसतं बोलतात! म्हनलं, बोलाच्यासाठी इतकी दुरून जीप? बोलणं तं गावात पडून हाये! पण सून म्हने चला. चला तं चला. मी काई बोललो का?

पयल्या बुधवारी मॅडमनं खाली सतरंजीवर मोठा कागद पसरला. प्रत्येकाचा एक गोल काढला. म्हने, "कोण कोणाशी बोलतं ते मला रेघा मारून दाखवा." बुढीनं रेघ मारली, सुनेनं मारली, अनंतानं मारली, मी बी मारली. तं साऱ्या रेघा गोलाले जाच्या सोडून मधात एका मोकळ्या जागी जमा! मॅडम चष्मा वर करून म्हने, "इथे कोण आहे?" बुढी म्हने, "तिथं आमचा बैल हाये."

दुसरं कोनी असतं तं पळून गेलं असतं. ही बाई हासली नाई, घाबरली नाई. वहीत लिहिलं. अन् म्हनली, लक्ष देऊन ऐका, हेच शब्द होते, "पुढच्या बुधवारी घरातले सगळे आणा. एकही सुटायला नको."

आता तुमीच सांगा! सव्वा वर्स ज्यानं घर चालवलं, तो घरातला का भायेरचा?

बुधवारी सकाळी बादशाले धुतलं, शिंगाईले तेल लावलं, नवा कासरा. शाळेचं दार लहान, शिंगं मोठी, तिरपा करून घातला आत. मॅडम फळ्याले जाऊन चिकटल्या! "बाबा, हे काय?" म्हनलं, "घरातले सगळे." अनंतानं कपाळावर हात मारला. सून तोंडात पदर कोंबून भिंतीकडे. मॅडम घडीभर बैलाकडे पाहत राह्यल्या, बैल मॅडमकडे. मंग म्हनल्या, "बसतो का हा?" म्हनलं, "उभाच बरा हाये." "बरं. मग बाबा, रोज बोलता तसं बोला."

मी म्हनलं, "बादशा, तुह्या मालकाले सांग..." पुढचं बोलाच्या आंधी बादशानं मान खाली घातली, अन् सतरंजीवर परत पसरलेला गोलाईचा तो मोठा कागद तोंडात घेतला! चावून राह्यला! आंधी बुढीचा गोल गेला, मंग सुनेचा, मंग माहा, सारं खानदान गिळलं बेट्यानं! मॅडम इतक्या हासल्या, इतक्या हासल्या, का ओढणीनं डोळे पुसू पुसू म्हने, "बस, बस! याचं काम झालं. याला बाहेर बांधा."

बांधला. अन् मंग खोलीत... मधात कोनीच नाई. गुड्डीनं इकडे तिकडे पाह्यलं, एक खडू उचलला. "खडू, आजोबाले सांग..." मॅडमनं तिच्या हातातला खडू हळूच काढून घेतला. पोरगी रिकाम्या हाताकडे पाहे. तिले समजेचना आता कोनाले सांगाव! अन् तुमाले सांगतो, सत्तरच्या वरचा माणूस मी, मी बी दारातून बादशाले पाहून राह्यलो!

तेवढ्यात बुढी फुटली! "मीच सांगतो! मांगच्या दिवाळीले कापूस आला न, आढ्याले लागला, तवा हा बुढा गोठ्यात बैलाच्या गळ्यात हात टाकून म्हने, बादशा, आपला पोट्टा माह्याहून हुशार निंघाला! मी बैलाईले कुटार टाकाले गेलती, ह्या कानानं ऐकलं!"

अनंता उभाच झाला. "हे मले काऊन नाई सांगतलं?"

"बादशाले सांगतलं होतं बे!" मी वरडलो. "त्यानं पोचवलं नाई तं माही काय चूक?"

"मी बी त्याले सांगतलं होतं! दुकानातून आल्यावर तिसऱ्याच दिवशी! का बाबाले लोकाईत तसं म्हनाले नको होतं म्हनून!"

"मंग मले काऊन नाई सांगतलं?"

"तुमी बोलत होते का?"

घ्या! दोघायचंही सारं त्या बैलाच्या पोटात, अन् ते भायेर उभं राहून रवंथ करून राह्यलं! मंग आमी जे भांडलो... सव्वा वर्साचं राह्यलेलं सारं! फवाऱ्यावरून, धुऱ्यावरून, त्या लहान पाकिटावरून! मधात कोनीच नाई, तोंडासमोर तोंड! बुढी रडे, सून हासे. अन् गुड्डी मधात येऊन माह्या धोतराले धरून, वर माह्या डोळ्यात पाहून म्हनली, "आजोबा, तुमी बाबाशी बोलले!"

मले म्हनली. मले! खडूले नाई, दप्तराले नाई.

दुसरबीड रद्द. पोरीचं नाव इथल्याच पयलीत. आता सरळ बोलते, इतकं सरळ बोलते का पळा लागते! गुरुजीले म्हने, "तुमी फळ्यावर वाकडं लिहिता." तुळशीरामले म्हने, "तुमाले आमच्या घरचा चहाच लय आवडते का?" अन् मी अन् अनंता दिवसभर वरडून राह्यलो, तुळशीराम म्हने तुमच्या घराले झालं काय! म्हनलं, बरं झालं.

तं मॅडम खूश. म्हने, "बाबा, गावातले बाकीचे म्हातारे माझ्यासमोर तोंड उघडत नाहीत. तुमच्यासमोर उघडतील. दर बुधवारी माझ्यासोबत बसाल?" म्हनलं, बसतो न! इतकं सांगाले हाये माह्यापाशी! सदरा धुतला, टोपी घातली, गेलो. समोर आले भाऊराव, पोराशी भांडलेले. मी तोंड उघडलं, तं मॅडमनं हळूच माह्या हातावर हात ठेवला, अन् कानात म्हनल्या, "बाबा, आपण इथे बोलायचं नाही. फक्त ऐकायचं."

दोन घंटे! भाऊराव दोन घंटे बोलला! अन् सारंच्या सारं त्याचं चुकलेलं! आता उद्या परत बुधवार हाये, बाप्पा... टोपी वाळत घातली हाये.