रानाचं नाव

वाशीमच्या दवाखान्यात नंबर यायचा होता, म्हणून रोजच्या नेमाचा जप करत बसले होते. शेजारी एक सासू आणि तिची पोटुशी सून तपासणी उरकून येऊन टेकल्या. जप तिथंच राहिला.

“डॉक्टरीन काय म्हने, तनुजा?”

“बाळ चांगलं हाय, आई. या खेपी काही भेव नाही.”

“माय वो! पोहरादेवीले नारळ फोडतो मी.”

“आई, रागावनार त नाही? आमी नाव ठरवलं. सिल्वन.”

“जन्माच्या आधीच? मागच्या खेपी पाळना आनला आन् तसाच रिकामा राह्यला.”

“म्हनून त भेत भेत सांगून राह्यली.”

“कोन्या देवाचं हाय ते?”

“देवाचं नाही. लॅटिन भाषेत सिल्वा म्हंजे रान. सिल्वन म्हंजे रानातलं. पोराले चालते, पोरीले बी चालते. नसन आवडत त राहू द्या.”

“थांब वो. धीरजच्या आधी मायी दोन लेकरं गेली. मंग माया सासूनं त्याले धोंड्या म्हनलं, सटवीची नजर पडू नये म्हनून. तवा तो जगला.”

“मंग?”

“मंग काय! तवा धोंडा, आता रान. त्यात पोरगा का पोरगी तेबी तिले कयनार नाही. लॅटिन सटवीच्या बापाले तरी येते का?”

“आई, हासवू नका, पोट दुखते.”

“हास बाई. किती दिवसानं हासून राह्यली.”

“यायले फोन लावू?”

“लाव धीरजले. पन आधी माया कानात सांग ते नाव. आजीले नीट म्हनता आलं पाह्यजे.”